रिंग सुटली, गोळ्या सुटेनात

"हे हल्ली विसरतात, एवढ्यातेवढ्यावरून भडकतात. ख्रिस बेन्वाचं झालं तसं यांचं होणार नाही ना?" चौदा वर्षं प्रोफेशनल रेसलिंग केलेल्या गृहस्थांच्या पत्नीचा हा प्रश्न. (ओळखीचे तपशील बदलले आहेत.)

बेन्वा हा नावाजलेला प्रोफेशनल रेसलर. त्याने 2007 मध्ये पत्नीची आणि मुलाची हत्या करून आत्महत्या केली. नंतर त्याच्या मेंदूत सीटीई आढळला, म्हणजे डोक्याला वारंवार बसणाऱ्या धक्क्यांनी होणारी मेंदूची झीज. तेव्हापासून अनेक रेसलरांच्या घरात ही धास्ती आहे. पण सीटीईचं खात्रीचं निदान मृत्यूनंतर मेंदू तपासूनच होतं. जिवंतपणी तो शिक्का मारला की बरी होऊ शकणारी कारणं शोधायची राहून जातात.

या गृहस्थांच्या बाबतीत अशी कारणं होती. घोरता घोरता श्वास अडकायचा. झोपेच्या तपासणीत स्लीप अ‍ॅप्निया निघाला. स्नायू वाढवण्यासाठीची स्टेरॉईड अचानक थांबवली होती. अशा वेळी शरीराचं स्वतःचं टेस्टोस्टेरॉन काही महिने कमी राहू शकतं आणि माणूस खचतो. सकाळच्या रक्ततपासणीत ते कळतं. शिवाय ओपिऑइड, म्हणजे अफूच्या वर्गातल्या वेदनाशामक गोळ्या, त्यावर दारू. हे दोन्ही मिळून झोपेत श्वासच थांबवू शकतात, म्हणून दारूचा विषय डॉक्टरांकडे सर्वांत आधी नेला.

गोळ्या त्यांनी एकदा सगळ्या फेकून दिल्या होत्या. घाम, जुलाब, अंगदुखी सुरू झाली आणि चार दिवसांत पुन्हा सुरुवात. "माझ्यात दमच नाही," असं ते म्हणत. दमाचा प्रश्नच नव्हता, शरीराला सवय झाली होती. वर्षाहून अधिक काळ रोज घेणाऱ्यांचा डोस डॉक्टर साधारणपणे महिन्याला 10 टक्के किंवा त्याहून हळू उतरवतात. मध्ये खंड पडल्यावर जुना डोस घेणं सर्वांत धोक्याचं, कारण तेवढा डोस झेलण्याची शरीराची क्षमता मधल्या काळात घटलेली असते.

"जीव द्यावासा वाटतो का?" हे त्यांना सरळ विचारलं. विचारल्याने तो विचार मनात पेरला जात नाही. "कधी कधी," ते म्हणाले. त्याच दिवशी मानसोपचारतज्ज्ञांना गाठलं, गोळ्यांचा साठा पत्नीकडे गेला आणि फक्त आठवड्यापुरत्या डबीत राहू लागल्या.

मग ते खरं दुखणं बोलले. निकाल आधी ठरलेला असला तरी पाठीवर आपटणं खरंच असतं, आणि दुखतंय म्हटलं की जागा दुसऱ्याला जाते. वेदना लपवण्यात उमेदीची वर्षं गेली, घरीही ते लपवतच राहिले.

श्वासाचं मशीन लागल्यावर चिडचिड बरीच उतरली. विसरणं थोडं उरलंय. न्यूरॉलॉजिस्ट डोस आणखी खाली आल्यावर स्मरणशक्तीची चाचणी पुन्हा घेणार आहेत.