अनेकांतवाद मानणाऱ्याला कोणाला चूक म्हणता येते का?

आपण विचारले आहे की, अनेकांतवादानुसार, म्हणजे प्रत्येक वस्तूला अनेक बाजू असतात या जैन मतानुसार, प्रत्येकाचे सत्य वेगळे असेल तर हे मत मानणाऱ्याला कोणालाही चूक म्हणण्याचा अधिकार उरतो का, आणि सप्तभंगी, म्हणजे वस्तूविषयी विधान करण्याचे सात प्रकार, रोजच्या व्यवहारात कशी वापरावी. अधिकार उरतो, आणि वेळ येईल तेव्हा तो बजावलाच पाहिजे. ‘तुमचेही खरे, आमचेही खरे’ याला अनेकांत म्हणणे हा या दर्शनावर झालेला सर्वांत मोठा अन्याय आहे, असे माझे ठाम मत आहे आणि ते आमच्या घरात घडलेल्या एका प्रसंगाने बनले आहे.

शिरोळ तालुक्यातले आमचे घर शेतकरी जैनांचे. चातुर्मासात बस्तीत, म्हणजे जैन मंदिरात, स्वाध्याय चाले आणि माझे थोरले काका तिथे शास्त्र वाचत; गावात त्यांच्या शब्दाला मान होता. मी १९ वर्षांचा असताना त्यांच्या मुलीचे, म्हणजे आमच्या आक्काचे, लग्न ठरले. आजीकडे तिच्या माहेरच्यांनी घातलेल्या चार तोळ्यांच्या पाटल्या होत्या. वयोमानाने हात वाळले होते, पाटल्या मनगटातून सुटत, म्हणून तिने आतल्या बाजूने पिवळा दोरा घट्ट गुंडाळला होता आणि सणावारालाच ती त्या घालत असे. एरवी त्या पितळेच्या डब्यात असत. काकांनी त्या सांगलीला सराफाकडे नेल्या, मोडल्या आणि आक्कासाठी बोरमाळ करून आणली. संध्याकाळी माजघरात गुलाबी कागदातून बोरमाळ बाहेर निघाली तेव्हा आक्का हरखून गेली. माझ्या वडिलांनी, अण्णांनी, ती तळहातावर तोलून पाहिली, सोन्यात घट किती धरली आणि घडणावळ किती लावली एवढे विचारले, आणि सोने घरातच राहिले म्हणून ते स्वस्थ झाले. आजीने उठून डबा उघडला. आत कापून काढलेला दोरा तेवढा होता. तो तिने बोटाभोवती गुंडाळला, पुन्हा सोडवला, पुन्हा गुंडाळला. ती एक शब्दही बोलली नाही, पण डोळ्यांचे पाणी तिला थांबवता आले नाही.

प्राचीन दिगंबर आचार्य समंतभद्र यांच्या आप्तमीमांसा या ग्रंथातला ५९ वा श्लोक ज्यांनी वाचला आहे, त्यांना हा प्रसंग ओळखीचा वाटेल. ‘घटमौलिसुवर्णार्थी नाशोत्पादस्थितिष्वयम् । शोकप्रमोदमाध्यस्थ्यं जनो याति सहेतुकम् ॥’ सोन्याचा घट मोडून मुकुट केला, तर ज्याला घट हवा होता त्याला शोक होतो, ज्याला मुकुट हवा होता त्याला हर्ष होतो आणि ज्याला केवळ सोने हवे होते तो मध्यस्थ राहतो. इथला ‘सहेतुकम्’ हा शब्द मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. तिघांच्या भावना मनाच्या लहरीतून आलेल्या नाहीत. घट खरोखर नष्ट झाला, मुकुट खरोखर उत्पन्न झाला आणि सोने खरोखर टिकले, म्हणून त्या तिन्ही भावनांना वस्तूतच आधार आहे. तत्त्वार्थसूत्र या जैन ग्रंथात सत्, म्हणजे जे आहे ते, उत्पाद (उत्पत्ती), व्यय (नाश) आणि ध्रौव्य (टिकून राहणे) यांनी युक्त असल्याचे सांगितले आहे, त्याचा अर्थ हाच. अनेकत्व वस्तूच्या ठायी आहे, बोलणाऱ्याच्या सोयीत नाही.

त्या रात्री मी काकांना विचारले, “पाटल्या नेण्याआधी आजीला विचारलं होतं का?” सगळ्या घरासमोर त्यांनी उत्तर दिले, “तू अनेकांत ऐकतोस ना बस्तीत? एका दृष्टीनं विचारलं होतं, एका दृष्टीनं नव्हतं.” त्यावर कोणी काही बोलले नाही. अण्णांनी मलाच गप्प केले आणि प्रत्येकाची एक बाजू असते, असे समजावले. आजी त्यानंतर सहा वर्षे जगली. त्या सहा वर्षांत तिने पाटल्यांचा विषय एकदाही काढला नाही, आणि तिच्या या मौनालाच घरात संमती समजले गेले.

पुढे मी मूळ ग्रंथ वाचायला लागलो तो बराचसा त्या एका वाक्यासाठी. अनेकांत मांडताना विधानाआधी ‘स्यात्’ हा शब्द लावतात, म्हणून त्या पद्धतीला स्याद्वाद म्हणतात. ‘स्यात्’ या शब्दाचा अर्थ ‘कदाचित’ असा नाही. रूपाने तो विधिलिङ्, म्हणजे ‘असावे’ अशा अर्थाचे क्रियापद, दिसतो, पण समंतभद्र त्याला निपात, म्हणजे अव्यय, म्हणतात, आणि त्याचा अर्थ आहे ‘कथंचित्’, म्हणजे एका निश्चित अपेक्षेने. ‘स्यादस्त्येव घटः’ या वाक्यातला ‘एव’ विसरून चालत नाही: घट स्वतःच्या द्रव्य, क्षेत्र, काल आणि भावाच्या अपेक्षेने आहेच, आणि परक्या द्रव्य, क्षेत्र, काल, भावाच्या अपेक्षेने नाहीच. अपेक्षा एकदा ठरली की विधान पक्के होते आणि मग ते चुकूही शकते. ब्रह्मसूत्र २.२.३३ वरील भाष्यात शंकराचार्य आक्षेप घेतात की, एकाच वस्तूत परस्परविरुद्ध धर्म (गुणधर्म) एकाच वेळी राहू शकत नाहीत आणि असे अनिश्चित ज्ञान संशयासारखेच अप्रमाण ठरेल. अपेक्षाभेद स्पष्ट सांगणाऱ्याला हा आक्षेप लागू होत नाही; माझ्या काकांनी सांगितलेल्या अनेकांताला मात्र तो तंतोतंत लागू होतो, कारण आजी तीच, घर तेच, सकाळ तीच आणि विचारण्याची क्रियाही तीच. तिथे ‘होय’ आणि ‘नाही’ यांच्यासाठी दोन अपेक्षा नव्हत्याच.

प्राचीन आचार्य परमत खोडून काढायला कचरत नसत. हरिभद्रसूरींच्या ग्रंथाचे नावच ‘अनेकांतजयपताका’ आहे, आणि हेमचंद्राचार्यांच्या ज्या ३२ श्लोकांच्या स्तुतीवर मल्लिषेणांनी ‘स्याद्वादमंजरी’ ही टीका लिहिली, तिच्या ‘अन्ययोगव्यवच्छेद’ या नावातच इतर मतांचे निराकरण आहे. अनेकांत म्हणजे बौद्धिक अहिंसा, हा आज सर्वत्र ऐकू येणारा अर्थ विसाव्या शतकात पुढे आला. १९३३ साली स्याद्वादमंजरीची आवृत्ती काढणाऱ्या आनंदशंकर ध्रुवांचा त्यात मोठा वाटा आहे. तो अर्थ मला सुंदर वाटतो, पण तो सहिष्णुतेपुरताच ठेवावा. त्याच्या आडून सत्याची चौकशी थांबवू नये.

सप्तभंगीबद्दल थोडेच सांगतो. अस्ति (आहे), नास्ति (नाही) आणि अवक्तव्य (एकदम सांगता न येणारे) या तीन मूळ भंगांपासून, म्हणजे विधानप्रकारांपासून, एकेकट्याने आणि मिश्रणाने सातच प्रकार होतात, आठवा होत नाही. वस्तूच्या एका धर्माविषयी किती प्रकारे बोलता येते याचा तो हिशेब आहे. व्यवहारात प्रत्येक वाक्याला सात शेपट्या लावण्याची गरज नाही. व्यवहारात एवढेच करावे: कोणी ‘एका दृष्टीने’ असे म्हणाले की, ती दृष्टी कोणती, हे तिथल्या तिथे विचारावे. ती सांगता आली तर ऐकून घ्यावे, कारण आपल्याला न दिसलेला खरा धर्म त्यातून कळू शकतो. ती सांगता आली नाही तर ते म्हणणे स्याद्वाद नव्हे, केवळ टाळाटाळ आहे.

मी दिगंबर परंपरेत वाढलो आहे आणि संस्कृतचा रीतसर पंडित नाही, त्यामुळे नयांच्या, म्हणजे वस्तूकडे पाहण्याच्या दृष्टींच्या, तपशिलात श्वेतांबर आचार्यांची मांडणी काही ठिकाणी वेगळी आढळेल, हे लक्षात घ्यावे. काका वाईट होते असेही मला म्हणायचे नाही. मुलीच्या लग्नाचा खर्च त्यांच्या डोक्यावर होता, त्या वर्षी उसाचे बिल वेळेवर आले नव्हते, आणि ही बाजू त्या रात्री त्यांनी सांगितली असती तर मी ती मान्य केली असती. ते आता ऐंशीच्या पुढे आहेत. येत्या दशलक्षण पर्वात मी गावी जाणार आहे, आणि क्षमावाणीच्या, म्हणजे एकमेकांची क्षमा मागण्याच्या, दिवशी ते माझ्यापुढे हात जोडतील तेव्हा मी त्यांच्या पाया पडून तोच प्रश्न पुन्हा विचारणार आहे. ‘नव्हतं विचारलं’ एवढे दोन शब्द ते बोलले, तर मला आणखी काही नको आहे.