घरी येतं, पेपरात आठवत नाही

"सूत्रं तोंडपाठ आहेत हो, पण पेपर हातात पडला की डोकं कोरं." परीक्षेला बसणाऱ्या मुलांकडून, आणि त्याहून जास्त त्यांच्या आयांकडून, हे मी इतक्यांदा ऐकलंय की पुढचं मीच सांगते: धडा बहुधा अंकगणिती श्रेढीचा, म्हणजे दर वेळी सारख्याच फरकाने पुढे जाणाऱ्या संख्यांच्या रांगेचा (त्यातली प्रत्येक संख्या म्हणजे एक पद), आणि गाडी अडते पदांच्या बेरजेवर.

ही मुलगी आईबरोबर आली. "रोज दहा वेळा सूत्र लिहून काढते, मॅडम," आई म्हणाली आणि वही पुढे केली. खरंच, पानंच्या पानं एकच ओळ.

माझं एक जुनं मत आहे, सगळ्या सहकाऱ्यांना ते पटत नाही. गणिताची भीती गणितात उतरूनच काढावी लागते. नुसता धीर दिला तर ती दाराबाहेर थांबते आणि पेपराच्या दिवशी आत येते. काळजीने मनातली जागा अडवली की आधी निसटतं ते अर्थ न कळता पाठ केलेलं. म्हणून मी दुसऱ्या भेटीत सरळ कागद घेतला.

"७, ११, १५, अशी २० पदं. शेवटचं कोणतं?"

"८७. चार-चारने वीस वेळा वाढलं."

"हात पसर. बोटं किती? आणि मधल्या फटी?"

तिने फटी मोजल्या. चार. हात तसाच हवेत ठेवून म्हणाली, "म्हणजे एकोणीस उड्या. ८३."

हा विसराळूपणा नव्हता. सूत्रात पदांच्या संख्येतून होणारं 'वजा एक' तिने शेकडो वेळा लिहिलं होतं, ते तिथे का बसलंय हे कुणी तिला विचारलंच नव्हतं.

बेरजेच्या सूत्रातल्या निम्म्याचंही तेच. "हे अर्धं कुठून आलं?" विचारलं तर, "असतंच ते." मी ५, ८, ११, १४, १७ लिहायला लावलं. त्याखाली तीच पदं उलटी: १७, १४, ११, ८, ५. आता उभी बेरीज कर म्हटलं. २२. पुन्हा २२. तिसऱ्यांदा २२ आल्यावर तिने उरलेल्या दोन बेरजा केल्याच नाहीत, नुसतं लिहून टाकलं. पाच बाविसे एकशे दहा. मग थांबली. मीही गप्प बसले. अशा वेळी बोलायची उबळ दाबणं हे माझ्या कामातलं सगळ्यात अवघड काम, आणि ते मला आता बऱ्यापैकी जमतं.

"आपण दोनदा लिहिलं ना, म्हणून निम्मं करायचं!"

"आणि मधला ११?"

"त्याच्याखाली तोच आला. अकरा पंचे पंचावन्न. उत्तर तेच!"

मधली किंमत गुणिले पदांची संख्या, संपलं. इ.स. ११५० च्या 'लीलावती' या भास्कराचार्यांच्या गणितग्रंथात या मधल्या किमतीला मध्यधन आणि बेरजेला सर्वधन असे शब्द आहेत. मी ते मुलांना मुद्दाम सांगते, कारण नावातच रीत आहे. पदांची संख्या सम असली की मध्यधन श्रेढीत सापडत नाही, एवढं मात्र दाखवावं लागतं. वरच्या उदाहरणात ७ आणि ८३ ची सरासरी ४५. हे पद श्रेढीत नाही, तरी ४५ गुणिले २० म्हणजे ९०० ही बेरीज बिनचूक.

पालकांना माझं सांगणं एवढंच की दहा वेळा लिहून घेणं थांबवा. त्याऐवजी पाच पदांची छोटी श्रेढी द्या, हाताने बेरीज करू द्या, मग सूत्राने तीच येते का ते मुलानेच पडताळावं. "चुकलं" म्हणण्याआधी "हे कुठून आलं?" विचारा, उत्तर बरोबर असतानाही. आणि मुलांनो, पेपरात सूत्र गेलंच तर जाऊ दे. समासात पाच पदं सुलटी-उलटी लिहा, दोन मिनिटांत ते परत उभं राहतं.

शेवटच्या भेटीत मी जरा खोडसाळ गणित दिलं: १२, ८, ४ अशा उतरत्या श्रेढीत पहिल्या किती पदांची बेरीज २४? वर्गसमीकरण सोडवून तिला ३ आणि ४ अशी दोन उत्तरं मिळाली. पहिल्या महिन्यात असती तर तिने दोन्ही खोडून रडवेला चेहरा केला असता. आता तिने पदं लिहून पाहिली, चौथ्यापाशी पेन्सिल टेकवली.

"चौथं शून्य आहे, मॅडम," ती म्हणाली, दोन्ही उत्तरं तशीच ठेवली आणि पान उलटलं.