खून, हत्या, वध आणि चेंगराचेंगरी

महाल भागात रविवारी सकाळी लोकांना जुनं नागपूर पायी फिरवून दाखवणाऱ्या एका गटाने विचारलं आहे: "फलकावर 'परसोजी भोसल्यांचा खून' लिहावं, 'हत्या' लिहावं की 'वध'? तिन्हीचा अर्थ एकच ना?"

एकच असता तर तुम्ही अडला नसता.

'खून' फारसीतून आला. तिथे त्याचा अर्थ रक्त, हिंदी-उर्दूतही अजून तोच. मराठीने मात्र रक्त पुसून टाकलं आणि फक्त गुन्हा ठेवला. दोन्ही भाषा एकाच चहाच्या टपरीवर बोलणाऱ्या आपल्या शहरात यातून गमती होतात. काटोलकडची माझी आजी पहिल्यांदा नागपुरात दवाखान्यात आली, तेव्हा तपासणीवाला पोरगा सुई हातात घेऊन म्हणाला, "माँजी, थोड़ा खून लेना है." आजी खुर्चीतून उठलीच. "काहून रे बाप्पा, म्यां तुयं का बिघडवलं?"

तर मराठीतल्या खुनाला दोन गोष्टी लागतात: मारण्याचा बेत आणि लपवाछपवी. आपली म्हणही 'खुनाला वाचा फुटते' अशी आहे. वधाला वाचा फुटत नाही, कारण तो चारचौघांत, बहुधा अभिमानाने केलेला असतो. परसोजींच्या बाबतीत हे चपखल बसतं. नागपूरचे राजे दुसरे रघुजी भोसले यांचा हा मुलगा शरीराने अधू, कारभार चुलतभाऊ आप्पासाहेबांच्या हाती. १ फेब्रुवारी १८१७ ला परसोजी अंथरुणात मेलेले सापडले. आप्पासाहेब तेव्हा चांद्याला, म्हणजे आजच्या चंद्रपुरात होते. गादी त्यांनाच मिळाली. गळा आवळून मारल्याची गोष्ट उघडपणे पुढे आली ती वर्षभराने, इंग्रजांनी आप्पासाहेबांना कैद केल्यावर. म्हणजे वाचा फुटली खरी, पण नागपूर दरबारातला इंग्रजांचा वकील, रेसिडेंट जेंकिन्स, याच्या सोयीने फुटली, हेही फलकावर एका ओळीत यायला हरकत नाही. शब्द 'खून'च ठेवा.

'वध' लिहिलात तर परसोजी कंसाच्या पंगतीला जाऊन बसतील. मेला तो मरण्याच्याच लायकीचा होता, असा निकाल त्या शब्दात आधीच लागलेला असतो. गंमत म्हणजे कायद्याच्या मराठीत हाच शब्द अगदी थंड आहे: 'सदोष मनुष्यवध'. तिथे पुण्यही नाही, पराक्रमही नाही. 'हत्या' संस्कृत, आणि तिला पापाचा वास आहे. ब्रह्महत्या, गोहत्या, भ्रूणहत्या. वर्तमानपत्रं हल्ली खुनाच्या जागी सर्रास हत्या छापतात, त्यात हिंदी वाहिन्यांचा हात आहे. चूक म्हणणार नाही, पण नागपूरचा माणूस बोलताना तिन्ही सोडून 'मर्डर झाला' म्हणतो आणि मोकळा होतो. खुनाच्या शिक्षेचं जुनं कलम ३०२ जाऊन नव्या भारतीय न्याय संहितेत १०३ आलं, तरी इतवारीत अजून 'तीनशे दोन'च लागते.

तुमच्या फेरीत पाचगाव येत नाही, पण शब्दांसाठी तिथेही जाऊन येऊ. जानोजी भोसल्यांनंतर नागपूरच्या गादीवरून साबाजी आणि मुधोजी हे त्यांचे सख्खे भाऊ भांडले. २६ जानेवारी १७७५ ला पाचगावच्या लढाईत साबाजी हत्तीवर बसून मुधोजींवर चालून गेले, आणि खुद्द मुधोजींच्या गोळीने मेले. भावाने भावाला स्वतःच्या हाताने मारलं, तरी याला मराठीत कुणी खून म्हणत नाही. साबाजी 'पडले', 'कामी आले'. चाळीस वर्षांनी दुसरा एक भाऊ, आप्पासाहेब, मैलोगणती लांब बसलेला, आणि त्याच्या माथी मात्र खून. रणांगण आलं की क्रियापद बदलतं. या सगळ्याला आपण जे एकच गोंडस नाव दिलं आहे, 'भाऊबंदकी', त्यात तर रक्ताचा थेंबही दिसत नाही.

सीताबर्डीच्या फलकावर तुम्ही 'अनेक ठार' लिहिलं आहे. लिहा. २६ आणि २७ नोव्हेंबर १८१७ ची भोसले आणि इंग्रजांची ती लढाई, दोन टेकड्या, भोसल्यांकडून लढलेले अरब, हे सगळं तुम्हाला माहीत आहेच. फक्त 'ठार'ची एक मजा सांगतो. या शब्दाचा मरणाशी मुळात संबंध नाही. ठार बहिरा, ठार आंधळा, ठार वेडा म्हणतो आपण. ठार म्हणजे पुरता. 'ठार मारलं' म्हणजे पुरतं मारलं, अर्धवट नाही. पुढे 'मारलं' गळालं आणि विशेषणावरच मुडदा पडला.

फाशीचं थोडक्यात. 'फाशी दिली' म्हटलं की देणारं सरकार दिसतं. स्वातंत्र्यलढ्यातल्या शंकर महाले या तरुणाला १९४३ मध्ये नागपूरच्या कारागृहात फाशी दिली, पण त्याच्याबद्दल बोलताना आपण 'फासावर गेला', 'फासावर चढला' म्हणतो. जणू जल्लाद नव्हताच, तो आपल्या पायांनी गेला. ज्याला आपण आपलं मानतो त्यालाच मराठी कर्तरी प्रयोग देते. हा फरक फलकावर जपा.

आता तुमच्या शेवटच्या थांब्याकडे येतो. तुम्ही विचारलं नाहीत, पण मला अडलं ते तिथेच. झिरो माइलजवळच्या, गोवारी समाजातल्या मृतांच्या स्मारकासाठी तुमचा मजकूर आहे: '१९९४ च्या चेंगराचेंगरीत ११४ जणांचा मृत्यू.'

मारामारी, ढकलाढकली, कापाकापी, चेंगराचेंगरी. ही घडण पाहा. धातू दोनदा येतो आणि अर्थ होतो 'एकमेकांना'. मारामारीत दोघेही मारतात, ढकलाढकलीत सगळेच ढकलतात. त्या हिशेबाने चेंगराचेंगरीत मेलेल्यांनीच एकमेकांना मारलं. बाहेरचा कर्ता शिरायला या शब्दात फटच नाही. 'दंगल उसळली' हेही याच जातीचं, जणू दंगल ही विहिरीच्या पाण्यासारखी आपली आपण वर येते. विदर्भात कुस्त्यांचीही दंगल असते, पण तिथे निदान पैलवानांची नावं तरी छापतात.

२३ नोव्हेंबर १९९४ ला विधिमंडळाचं हिवाळी अधिवेशन चालू होतं. अनुसूचित जमातीच्या सवलती मागायला गोवारींचा मोर्चा आला होता, त्यात बायका-मुलं फार. संध्याकाळी पोलिसांनी लाठ्या चालवल्या, लोक पळाले, बॅरिकेडपाशी अडकले. समाज याला 'गोवारी हत्याकांड' म्हणतो आणि मेलेल्यांना शहीद. सीताबर्डीच्या उड्डाणपुलाच्या नावातही 'शहीद' आहे. सरकारी कागदात चेंगराचेंगरी आणि पुलावर शहीद, असं दोन्ही एकाच शहरात नांदतं आहे. व्याकरणाने पाहिलं तर हे जुळत नाही. एकमेकांना चेंगरून कुणी शहीद होत नाही.

'हत्याकांड' लिहा असा माझा आग्रह नाही. त्या शब्दात मारण्याचा हेतू गृहीत धरलेला आहे, आणि फलक काही न्यायालय नाही. पण नाम बाजूला ठेवून क्रियापदं वापरली तर कर्ता आपोआप येतो. असं करून पाहा: 'पोलिसांनी लाठ्या चालवल्या. पळताना चेंगरून ११४ गोवारी मेले. त्यांत बहुतेक बायका आणि मुलं होती.'

'मेले' फार उघडं वाटलं तर 'मृत्युमुखी पडले' करा, चालेल. 'गेले' मात्र करू नका. त्या दिवशी गेले म्हणजे घरी गेले, असंही कुणी वाचेल.