पाणी शुद्ध करायला, टोपल्या विणायला, बायोगॅसला जलपर्णी एवढी उपयोगी असेल, तर ती तलावातून काढून का टाकतात?

कारण ती वाढते त्या वेगाने वापरणं कुणालाच जमत नाही. उबदार हवा आणि सांडपाणी मिसळलेलं पाणी मिळालं की एक-दोन आठवड्यांत ती दुप्पट होते.

एक रोप उचलून बघा. देठ मध्येच फुगीर असतो. तो कापला तर आत स्पंजसारखी जाळी आणि हवा, म्हणून ती तरंगते. खाली पिसांसारखी काळपट मुळं लोंबतात. ती पाण्यातलं नायट्रोजन, फॉस्फरस, अगदी शिसं आणि कॅडमियमही शोषून घेतात. म्हणजे पाणी शुद्ध करायला ती खरंच चांगली. पण कारखान्यांच्या पाण्यातली जलपर्णी गुरांना घालू नका, खतालाही नको. धातू पुढे अन्नात उतरतात.

वाळवलेल्या देठांच्या टोपल्या, चटया सुंदर होतात. बायोगॅसही होतो. अडचण अशी की वजनाच्या ९० टक्क्यांहून जास्त पाणीच असतं, त्यामुळे वाहतूकच महाग पडते.

मूळची ती दक्षिण अमेरिकेतली. जांभळट फुलांच्या मोहापायी माणसांनीच ती जगभर नेली. दाट थराखाली उजेड पोचत नाही, प्राणवायू घटतो, मासे गुदमरतात. बिया गाळात वर्षानुवर्षं टिकतात, म्हणून एकदा काढून भागत नाही. आफ्रिकेतल्या व्हिक्टोरिया सरोवरात १९९० च्या दशकात तिच्यावर जगणारे सोंडकिडे सोडले आणि ती बरीच आटोक्यात आली, तरी नंतर पुन्हा डोकावलीच. माझ्या मते आधी सांडपाणी थांबवायला हवं. सांडपाणी सोडून तिला खाऊ घालायचं आणि उपटतही राहायचं, यात दरवर्षी फक्त पैसा जातो.