सुवर्णमंदिर, हरिमंदिर की दरबार साहिब?

एका वाचकाचा प्रश्न असा: अमृतसरच्या सुवर्णमंदिराच्या धार्मिक आणि राजकीय इतिहासावरची इंग्रजी-हिंदी पुस्तके वाचून मराठीत टिपणे काढतो आहे. एका पुस्तकात ‘गोल्डन टेंपल’, दुसऱ्यात ‘हरमंदिर साहिब’, तिसऱ्यात ‘दरबार साहिब’, आणि गोष्ट १९८४ च्या लष्करी कारवाईपर्यंत आली की सगळीकडे ‘अकाल तख्त’. ही एकाच वास्तूची नावे आहेत का? मराठीत सरसकट ‘सुवर्णमंदिर’ लिहिले तर चालेल का?

पहिली तीन नावे एकाच वास्तूची आहेत, चौथे वेगळ्या वास्तूचे आहे. प्रवासवर्णनात किंवा बोलण्यात ‘सुवर्णमंदिर’ खुशाल वापरावे, मराठीत तो रुळलेला शब्द आहे. इतिहास लिहिताना मात्र सरसकट तोच शब्द वापरला तर काळाची आणि जागेची गल्लत होते, आणि ती वाचकाच्या लक्षातही येत नाही.

आधी काळाचे पाहू. चौथे गुरू रामदास यांनी वसवलेल्या गावात, त्यांनीच खोदायला घेतलेल्या सरोवराच्या मध्यभागी, पाचवे गुरू अर्जनदेव यांनी १५८८ च्या सुमारास हे स्थान उभारायला घेतले. १६०४ मध्ये तेथे आदिग्रंथाची, म्हणजे पुढच्या ग्रंथसाहिबाची, स्थापना झाली आणि बाबा बुड्ढा पहिले ग्रंथी, म्हणजे ग्रंथाचे वाचक-सेवक, झाले. या सगळ्यात सोने कुठेच नाही. सोन्याचा मुलामा दिलेले तांब्याचे पत्रे चढले ते महाराजा रणजितसिंहाच्या राजवटीत, एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात. म्हणजे पहिली दोनशेहून अधिक वर्षे हे ‘सुवर्ण’मंदिर नव्हतेच. त्यामुळे ‘गुरू अर्जनदेवांनी सुवर्णमंदिर बांधले’ हे वाक्य ढिले आहे, आणि ‘१७६२ मध्ये अहमदशहा अब्दालीने सुवर्णमंदिर सुरुंग लावून उडवले’ हे त्याहून ढिले. मराठी वाचकाला अब्दाली पानिपतामुळे चांगला ठाऊक आहे. पानिपतानंतर अवघ्या वर्षभराने त्याने पंजाबात शिखांची मोठी कत्तल केली आणि मग अमृतसरचे हे स्थान पाडले. त्याने पाडले ते हरिमंदिर, ज्यावर सोन्याचा कणही नव्हता. अहलुवालिया मिसलीच्या, म्हणजे शिखांच्या एका लढाऊ तुकडीच्या, जस्सासिंहाच्या नेतृत्वाखाली शिखांनी ते लवकरच पुन्हा उभे करायला घेतले. सोने आले ते त्यानंतर, शिखांचे स्वतःचे राज्य झाल्यावर. रणजितसिंहाने ही सेवा केल्याचा लेख आजही दारावर आहे. ‘सुवर्ण’ हा शब्द त्या पुढच्या राजवैभवाचा शब्द आहे. तो मागच्या काळावर चढवला की पाडापाडीची आणि पुनर्बांधणीची सगळी खडतर वर्षे चकाकीखाली झाकली जातात, म्हणून माझा त्याला विरोध आहे.

आता ‘हरिमंदिर’. गुरुमुखीत हा शब्द ‘हरिमंदर’ असा लिहितात. त्यातल्या ‘रि’ची वेलांटी बोलताना गळते, म्हणून कानावर ‘हरमंदर’ येते, आणि हिंदी-इंग्रजीच्या वाटेने मराठीत ‘हरमंदिर’ झाले. ‘हर’ पाहून कोणी हे शिवाचे नाव समजतो, कोणी ‘प्रत्येक मंदिर’ असा अर्थ लावतो. दोन्ही चूक. तो ‘हरि’ आहे आणि ग्रंथसाहिबात हरि म्हणजे निर्गुण, निराकार परमेश्वर. मराठी लेखनात ‘हरिमंदिर’ हेच रूप ठेवावे.

‘मंदिर’ या शब्दाबद्दल थोडे अधिक सांगायला हवे, कारण त्यावरून मोठे वाद झाले आहेत. जुन्या पंजाबीत ‘मंदर’ म्हणजे घर, वाडा, राहती वास्तू. संस्कृतातही मूळ अर्थ तोच, आणि मराठीत विद्यामंदिर, रंगमंदिर, राजमंदिर या शब्दांत तो आजही जिवंत आहे. तिसरे गुरू अमरदास यांची ओळ ग्रंथसाहिबात आहे: ‘हरि मंदरु एहु सरीरु है’. हे शरीरच हरीचे घर आहे. ही ओळ अमृतसरची वास्तू उभी राहण्यापूर्वीची आहे, तेव्हा ‘हरिमंदिर’ हा शब्द आधी देहाला लागला आणि नंतर वास्तूला. आपल्याकडे मात्र ‘मंदिर’ म्हटले की गाभारा, मूर्ती, पुजारी डोळ्यासमोर येतात. हरिमंदिरात मूर्ती नाही, ग्रंथ आहे. परिक्रमेत एके काळी मूर्ती मांडल्या जात, त्या १९०५ मध्ये हलवण्यात आल्या. त्याआधी, १८९८ मध्ये, काहनसिंह नाभा यांचे ‘हम हिंदू नहीं’ प्रसिद्ध झाले होते. शीख ओळखीचा प्रश्न तेव्हा ऐरणीवर होता आणि ‘टेंपल’ या इंग्रजी शब्दाबद्दलची आजची नाराजी त्याच परंपरेतून येते. धार्मिक इतिहासाच्या पुस्तकात कोणता लेखक कोणता शब्द निवडतो, हे म्हणून जरूर टिपून ठेवावे.

पंजाबी माणूस घरात बोलताना मात्र बहुधा ‘दरबार साहिब’ म्हणतो. ‘दरबार साहिब जाऊन आलो’, एवढे पुरते. दरबार कोणाचा? ग्रंथसाहिबाचा. ग्रंथ हा गुरू, तो सिंहासनावर विराजमान, वर चांदवा, मागे चवरी ढाळणारा सेवक, समोर संगत. सगळा थाट राजदरबाराचाच आहे. ‘देवाच्या दरबारी’ असे आपणही म्हणतो, त्यामुळे मराठी कानाला हा शब्द परका नाही. एक सावधगिरी हवी: कोणत्याही गुरुद्वाऱ्यातल्या मुख्य सभागृहालाही दरबार साहिब म्हणतात आणि तरनतारनच्या स्थानालाही. म्हणून टिपणात पहिल्यांदा ‘अमृतसरचे दरबार साहिब’ असे लिहून मग पुढे नुसते ‘दरबार साहिब’ वापरावे.

अकाल तख्त ही या सर्वांहून निराळी वास्तू आहे. दरबार साहिबासमोर, सरोवराच्या काठावर, हरिमंदिराकडे नेणाऱ्या पुलाच्या दर्शनी दरवाजाला सामोरी. १६०६ मध्ये लाहोरात, जहांगिराच्या काळात, गुरू अर्जनदेव शहीद झाले. त्यांचे पुत्र गुरू हरगोविंद यांनी गादीवर येताना दोन तलवारी धारण केल्या, एक मीरीची आणि एक पीरीची. अमीर या शब्दातून मीरी, म्हणजे ऐहिक सत्ता, आणि पीर या शब्दातून पीरी, म्हणजे आध्यात्मिक सत्ता. त्यांनीच हे तख्त उभारले. ‘तख्त’ शब्दाचा अर्थ मराठी माणसाला समजावून सांगावा लागत नाही. दिल्लीचे तख्त आपल्या बखरींतून पानोपानी येते. दिल्लीच्या तख्तासमोर अकालाचे तख्त, कालाच्या पलीकडच्या परमेश्वराचे सिंहासन, असा हा दावा होता. जाता जाता एवढे सांगतो, की मराठीतले ‘अकाली निधन’ आणि ‘अकाली दल’ यांतले ‘अकाली’ दिसायला एक आणि अर्थाने वेगळे आहेत. पहिल्यात काळ म्हणजे वेळ, जी आलेली नव्हती. दुसऱ्यातला अकाली म्हणजे अकालाचा, त्या कालातीताचा माणूस.

दोन वास्तू वेगळ्या असल्या तरी तुटलेल्या नाहीत. रात्री ग्रंथसाहिब पालखीतून दरबार साहिबातून अकाल तख्तात विश्रांतीला जातात आणि पहाटे परत येतात. पण पदे वेगळी. दरबार साहिबात मुख्य ग्रंथी असतात, अकाल तख्तावर जथेदार, म्हणजे तख्ताचे प्रमुख. मराठी बातम्यांत या दोघांनाही ‘सुवर्णमंदिराचे मुख्य पुजारी’ म्हटलेले दिसते, ते टाळावे. पुजारी आणि महंत हे शब्द शीख इतिहासात डागाळलेले आहेत. ज्यांच्या हातून गुरुद्वारे सोडवून घेण्यासाठी १९२० च्या दशकात गुरुद्वारा सुधार चळवळ झाली, त्यांचे ते शब्द. त्याच चळवळीतून नोव्हेंबर १९२० मध्ये शिरोमणी गुरुद्वारा प्रबंधक कमिटी उभी राहिली आणि १९२५ चा शीख गुरुद्वारा कायदा आला. ‘हुकमनामा’ या शब्दाचेही तसेच. दरबार साहिबात रोज सकाळी ग्रंथातून निघणारे वचन हा हुकमनामा, आणि अकाल तख्तावरून पंथाला उद्देशून निघणारा आदेश हाही हुकमनामा. पहिला वाचून भाविक दिवस सुरू करतो, दुसऱ्याने मोठमोठ्या पुढाऱ्यांना शिक्षा भोगायला लावली आहे. यांतला कोणता, हे संदर्भ पाहूनच ठरवावे लागते.

राजकीय इतिहासाच्या पुस्तकांत आणखी एक शब्द मराठी वाचकाला हमखास फसवतो: ‘मोर्चा’. आपल्या आजच्या मराठीत मोर्चा म्हणजे घोषणा देत जाणारी मिरवणूक, संध्याकाळी संपणारी. पंजाबीत मोर्चा म्हणजे महिनोन्‌महिने चालणारा सत्याग्रह, ज्यात जथ्यामागून जथा अटक करून घेतो. १९२१ च्या नोव्हेंबरात सरकारने दरबार साहिबाच्या तोशाखान्याच्या, म्हणजे खजिन्याच्या, किल्ल्या ताब्यात घेतल्या. त्या परत मिळाव्यात म्हणून ‘चाबियांचा मोर्चा’ झाला. जानेवारी १९२२ मध्ये सरकार नमले आणि गांधीजींनी पहिली निर्णायक लढाई जिंकल्याबद्दल अभिनंदनाची तार केली. ऑगस्ट १९८२ मध्ये सुरू झालेला ‘धर्मयुद्ध मोर्चा’ त्याच अर्थाचा. पण १९८४ च्या प्रकरणात ‘संकुलात मोर्चे बांधले’ असे वाचाल तेव्हा ते आंदोलन नव्हे. वाळूच्या पोत्यांच्या आडोशाची ती लढाऊ ठाणी. हा अर्थ आपल्या बखरींतल्या ‘मोर्चे लावले’मध्ये आणि आजच्या ‘मोर्चेबांधणी’त टिकून आहे. एकाच प्रकरणात दोन्ही अर्थ येतात, तेव्हा भाषांतर करताना पहिल्यासाठी ‘आंदोलन’ किंवा ‘सत्याग्रह’ लिहावे.

जागेची गल्लत सर्वांत महागात पडते ती जून १९८४ बद्दल लिहिताना. सशस्त्र शीख गटाचे नेते जर्नेलसिंह भिंद्रनवाले डिसेंबर १९८३ मध्ये अकाल तख्तात राहायला गेले. ‘ते सुवर्णमंदिरात राहत होते’ असे लिहिले की ते हरिमंदिरातच होते असे चित्र उभे राहते. रणगाड्यांचे गोळे पडले ते अकाल तख्तावर. ती वास्तू उद्ध्वस्त झाली. दरबार साहिबाला गोळ्या लागल्या, पण ते उभे राहिले. संकुलातले शीख संदर्भ ग्रंथालय त्याच दिवसांत नष्ट झाले. तेव्हा टिपणात तीन शब्द वेगळे ठेवा: हरिमंदिर किंवा दरबार साहिब ही सरोवरातली वास्तू, अकाल तख्त ही समोरची, आणि सगळ्या आवाराला ‘दरबार साहिब संकुल’ किंवा ‘सुवर्णमंदिर संकुल’. लष्करी कारवाईचे नेतृत्व केलेल्या कुलदीपसिंह ब्रार यांच्या पुस्तकाचे शीर्षक ‘ऑपरेशन ब्लू स्टार’ने सुरू होते, तर शीख परंपरा त्याच घटनेला ‘घल्लूघारा’, म्हणजे महासंहार, म्हणते. १७४६ चा छोटा, १७६२ चा वड्डा, आणि हा तिसरा. पुस्तक ज्या नावाने बोलते ते नाव टिपणात अवतरणचिन्हांत तसेच ठेवा, आणि आपल्या निवेदनात ‘जून १९८४ ची लष्करी कारवाई’ असे लिहा.

लेखनाबद्दल शेवटचे: ‘साहिब’ हे रूप ठेवा, ‘साहेब’ नको. मराठीत साहेब म्हणजे कचेरीतला वरिष्ठ झाला आहे, आणि नांदेडचे मराठी लोकही ‘हजूर साहिब’च म्हणतात. ते स्थानही पाच तख्तांपैकी एक आहे, तेव्हा टिपणात नुसते ‘तख्त’ लिहून सोडू नका. अमृतसरचे की नांदेडचे, हे दर वेळी सांगा.