कळलावीतली कळ कोणती?

जुळे सोलापुरातल्या एका ताईंच्या कुंपणावर कळलावीचा वेल चढलाय. शेजारच्या काकू म्हणतात, "उपटून टाका, घरात भांडणं लावते, म्हणून तर कळलावी." ताई विचारतात, नाव खरंच भांडणावरून पडलं का? आणि 'कळलाव्या' माणसाशी त्याचं नातं काय?

भांडणावरून नाही! ऐकून ऐकून कान किटले. विजापूर रोडच्या एका नर्सरीत तर रोपावर 'कळीलावी' अशी चिठ्ठी पाहिली. फुलाच्या कळीचा इथं काडीचा संबंध नाही.

दाबायची कळ, भांडणाची कळ सगळ्यांना ठाऊक आहे, ती सोडा. ही कळ बाळंतिणीची. "पहाटेपासून कळा येतायत" म्हणतो ना, ती. बाई अडली की सुईण हिचा कंद उगाळून बेंबीवर, तळपायांना लेप द्यायची. कळ लावते ती कळलावी. माझी खात्री आहे, हे नाव सुइणींनीच ठेवलं. औषधाचं काम इतक्या थोडक्यात सांगणारं नाव ते हातानं करणाऱ्यालाच सुचतं.

काही विद्वान ते संस्कृत 'कलिहारी'वरून ओढून आणतात. साफ चूक. हारी म्हणजे हरण करणारी. मग नेणारीची मराठीत लावणारी कशी झाली? 'हारी'चं 'लावी' कुठल्या नियमानं झालं? 'कलिहारी' हे नाव ज्या श्लोकात येतं, तो भावप्रकाश ह्या जुन्या आयुर्वेद ग्रंथातला श्लोक त्यांनी पुढं वाचावा. तिथं 'विशल्या' आहे, रुतलेलं शल्य काढणारी. शेवटी तर 'गर्भनुत्', गर्भ बाहेर लोटणारी. संस्कृतातही सुईणच बोलतेय!

त्याच श्लोकात 'लांगली' आहे. लांगल म्हणजे नांगर. येडशीकडं बालाघाटाच्या उतारावर पावसानं दरड ढासळून उघडा पडलेला कंद मी पाहिलाय: दोन फाटे, काटकोनात वाकलेले, हुबेहूब नांगर. वर बोरीच्या काटेरी फांदीला पानांच्या शेंड्यांनी विळखे घालून वेल चढलेला, आणि उलट्या वळलेल्या सहा पाकळ्या, बुडाशी पिवळ्या, टोकाला लालभडक. 'अग्निशिखा' उगाच नाही म्हणत.

कळलाव्या माणूस मात्र भांडणाच्या कळीतून आलेला. घडण सारखी, कळ वेगळी.

काकूंना सांगा, कोकणात ह्या फुलांना 'गौरीचे हात' म्हणतात. घर फोडणारं फूल गौरीला कोण वाहील? वेल राहू द्या. पण कंद जहरी आहे, त्यात कोल्चिसिन असतं. पोटात गेला तर जीव जातो, म्हणून लहान पोरं आणि शेळ्या तिकडं फिरकू देऊ नका, अन् तो लेपही कुणी करून बघू नका.