अय्यो काढलं तर काय उरतं?

प्रश्न: ताई, आमच्या चेंबूरच्या सोसायटीत दरवर्षी गणपतीत स्किट असतं. यंदा माझे मिस्टर ‘मद्रासी मामी’ करतायत, साडी, टॉवेलचा अंबाडा, हा एवढा गजरा आणि दर वाक्याला अय्यो. रिहर्सलला सगळे लोळून हसले, पण आमच्या विंगमधल्या तमिळ मामी, ज्या मंडळाच्या वर्गणीचा सगळा हिशोब बघतात, त्या काही न बोलता उठून गेल्या. मिस्टर म्हणतात आजकाल लोकांना लगेच लागतं. तुम्हाला काय वाटतं?

उत्तर: अहो लागणारच. साडीबद्दल माझं काही म्हणणं नाही, पुरुषाने बाई करणं आपल्याकडे बालगंधर्वांच्याही आधीपासून चालत आलंय. पण एकदा स्क्रिप्टमधून अय्यो खोडून बघा, हसण्यासारखं काही उरतंय का? मला वाटतं नाही उरणार.

हे जुनंच आहे म्हणा. १९६८ च्या ‘पडोसन’मध्ये मेहमूदने मास्टर पिल्लई केला, शेंडी, लुंगी, अय्यो सगळं त्यात आलं, आणि तो इतका भारी करतो की हसू मलाही येतं. पुढे त्याचीच नक्कल, नकलेची नक्कल, आणि आता रील्समधली मामी काय करते तर फिल्टर कॉफी ओतते आणि मुलाला इंजिनिअरिंगवरून ओरडते, बास. तमिळ, मल्याळी, तेलुगू, कन्नड सगळ्या एकाच गजऱ्यात, वर ‘मद्रासी’. त्या मद्रास राज्याचं तमिळनाडू होऊन १९६९ पासून किती काळ लोटला! त्यात आपल्या मुंबईत साठच्या दशकात दाक्षिणात्यांविरुद्ध लुंगीवरून ज्या घोषणा झाल्या त्या मामींच्या आईवडिलांनी ऐकल्या असणार, घरात बोलणं झालं असेलच की.

बरं, तमिळ लोक मामीवर हसत नाहीत असं थोडंच आहे. १९९६ मध्ये कमल हासनने ‘अव्वै षण्मुगी’त नऊवारी नेसलेली तमिळ ब्राह्मण मामी केली, तो स्वतः अय्यंगार, म्हणजे तमिळ ब्राह्मण घरातलाच. पुढच्याच वर्षी हिंदीत ‘चाची ४२०’ आला आणि त्या मामीची झाली लक्ष्मी गोडबोले, चक्क आपली मराठी बाई! आपण चिडलो का? छे, ती सगळ्या घराला पुरून उरते म्हणून आपण खूश. तेच हिंदी सिनेमात मराठी बाई नुसती ‘काय रे’ म्हणत भांडी घासताना दिसली की आपलं डोकं फिरतं.

तेव्हा तुमच्या मामीला स्किटमध्ये काहीतरी काम द्या हो. म्हणजे बघा, सेक्रेटरी डेकोरेशनचं बिल फुगवून आणतो आणि मामी चष्मा नाकावर घेऊन एवढंच विचारते, “हार पाच, बिल आठचं, उरलेले तीन बाप्पाने घरी नेले का?” इथे हशा सेक्रेटरीवर येतो आणि अय्योची गरजच पडत नाही.

मामींना विचारायला मात्र मिस्टरांनीच जावं, तुम्ही नको. आणि हो म्हणाल्या तर रोलही त्यांनाच देऊन टाका, मिस्टरांना सेक्रेटरी करा.